'इन्स्पेक्टडीबी' आज्ञेचे दोषनिवारण : जुन्या डेटाबेसवरून जँगो मॉडेल तयार करताना उद्भवणाऱ्या अडचणी

सारांश

अस्तित्वात असलेल्या डेटाबेसची रचना वाचून तिच्यावरून आपोआप प्रोग्राम-संहिता लिहिणारी आज्ञा अनेक वेब-विकसन चौकटींमध्ये उपलब्ध असते. पायथॉन भाषेतील जँगो या चौकटीत ही आज्ञा 'इन्स्पेक्टडीबी' या नावाने ओळखली जाते. प्रस्तुत लेखात या आज्ञेच्या वापरात उद्भवणाऱ्या अडचणींचे चार टप्प्यांत वर्गीकरण केले असून प्रत्येक टप्प्यावरील दोषाचे कारण, त्याची ओळख आणि त्यावरील उपाय यांचे विवेचन केले आहे. आज्ञा अयशस्वी झाल्यास दोष लवकर सापडतो. परंतु ती यशस्वी होऊनही चुकीची संहिता निर्माण झाल्यास मूळ माहितीस धोका पोहोचू शकतो, हे या लेखाचे प्रमुख प्रतिपादन आहे. देवनागरी लिपीत नावे दिलेल्या टेबलांच्या व रकान्यांच्या बाबतीत येणाऱ्या विशेष अडचणीचाही परामर्श येथे घेतला आहे.

कळीचे शब्द : डेटाबेस, संहिता-निर्मिती, जँगो, प्रायमरी की, दोषनिवारण, देवनागरी

१. प्रास्ताविक

महाविद्यालयांमध्ये प्रवेश, परीक्षा, ग्रंथालय आणि शुल्क या विभागांची माहिती अनेक वर्षांपासून संगणकावर साठवली जात आहे. ही माहिती ज्या प्रणालींमध्ये भरली गेली त्या प्रणाली कालांतराने जुन्या होतात, त्या लिहिणाऱ्या व्यक्ती अन्यत्र जातात; मात्र डेटाबेस तसाच राहतो. अशा डेटाबेसवर नवे संकेतस्थळ उभारण्याचे काम पुष्कळदा संगणकशास्त्र विभागाकडे, आणि प्रकल्पाच्या निमित्ताने विद्यार्थ्यांकडे येते. शंभराहून अधिक टेबले असलेल्या डेटाबेसमधील प्रत्येक रकान्याचे वर्णन हाताने लिहिणे कष्टाचे असते. म्हणून संहिता-निर्मितीच्या आज्ञेचा आधार घेतला जातो.

जँगो ही चौकट अमेरिकेतील कॅन्सस राज्यातील लॉरेन्स या शहराच्या 'लॉरेन्स जर्नल-वर्ल्ड' या वृत्तपत्राच्या कार्यालयात आकारास आली. एड्रियन होलोव्हॅटी आणि सायमन विलिसन यांनी २००३ मध्ये तिचे काम सुरू केले आणि जुलै २००५ मध्ये ती सर्वांसाठी खुली करण्यात आली. या चौकटीत प्रत्येक टेबलासाठी पायथॉनमधील एक वर्ग लिहिला जातो. त्या वर्गास 'मॉडेल' म्हणतात. सामान्यतः प्रथम मॉडेल लिहून त्यावरून टेबल तयार केले जाते. 'इन्स्पेक्टडीबी' ही आज्ञा हाच प्रवास उलट दिशेने करते : टेबल आधीच अस्तित्वात असते आणि त्यावरून मॉडेल लिहिले जाते.

या उलट प्रवासातच अडचणींचे मूळ आहे. मॉडेल लिहिणारी व्यक्ती आपल्या मनातील अर्थ मॉडेलात उतरवते. आज्ञेला मात्र असा अर्थ ठाऊक नसतो. डेटाबेसच्या रचनेत जे घोषित केलेले आहे तेवढेच ती वाचू शकते. जे घोषित केलेले नाही, केवळ प्रणाली वापरणाऱ्यांच्या समजुतीत होते, ते तिला दिसत नाही.

२. दोषनिवारणाची चौकट

आज्ञा दिल्यापासून संहिता वापरात येईपर्यंतच्या प्रवासाचे चार टप्पे पाडता येतात.

(अ) पूर्वतयारी : प्रकल्पाची मांडणी वाचणे आणि त्यातील सर्व घटक स्मृतीत आणणे.
(आ) वाचन : डेटाबेसशी जोडणी करून टेबलांची रचना पाहणे.
(इ) लेखन : निर्माण झालेली संहिता फाइलमध्ये उतरवणे.
(ई) अर्थ : त्या संहितेने डेटाबेसचे वास्तव अचूक मांडणे.

पहिल्या टप्प्यातील दोष आज्ञेस थांबवतात. दुसऱ्यातील काही दोष आज्ञेस थांबवतात, तर काही गुपचूप राहतात. तिसऱ्यातील दोष बहुधा पुढच्या वेळी प्रकल्प सुरू करताना प्रकट होतात. चौथ्यातील दोष मात्र महिनोन्महिने लपून राहू शकतात. तात्पर्य, टप्पा जितका पुढचा तितका दोष शांत आणि तितकाच घातक. यास्तव दोषनिवारण करताना 'आज्ञा का चालत नाही' या प्रश्नाआधी 'आज्ञा कोणत्या टप्प्यावर थांबली' हा प्रश्न विचारणे हितावह ठरते.

३. पूर्वतयारीतील दोष

'इन्स्पेक्टडीबी' ही आज्ञा केवळ डेटाबेसकडे पाहते, असा सर्वसाधारण समज आहे. प्रत्यक्षात डेटाबेसकडे वळण्यापूर्वी जँगो संपूर्ण प्रकल्प स्मृतीत आणते. प्रकल्पाच्या मांडणीत नोंदवलेल्या प्रत्येक उपविभागाची मॉडेल-फाइल या वेळी वाचली जाते. त्यांपैकी एका जरी फाइलमध्ये व्याकरणदोष असला तरी आज्ञा तेथेच थांबते आणि पडद्यावर त्रुटींची लांबलचक यादी येते. डेटाबेसची जोडणी, पासवर्ड, अधिकार हे सर्व निर्दोष असूनही असे घडते. त्रुटींच्या यादीतील शेवटच्या ओळींमध्ये प्रकल्पातील फाइलचे नाव असल्यास दोष पहिल्या टप्प्यावर आहे असे समजावे आणि डेटाबेसच्या मांडणीस हात लावू नये.

याच टप्प्यावरील दुसरा नेहमीचा दोष म्हणजे जोडणीसाठी लागणाऱ्या साहाय्यक संचाचा अभाव. मायएसक्यूएलशी जोडणी करण्यासाठी 'मायएसक्यूएलक्लायंट' हा संच पायथॉनमध्ये स्वतंत्रपणे बसवावा लागतो. तो नसल्यास 'आपण तो बसवला आहे काय' अशा आशयाचा स्पष्ट संदेश येतो. पुष्कळदा संच बसवलेला असतो, परंतु तो संगणकावरील दुसऱ्या पायथॉनमध्ये. प्रकल्पासाठी स्वतंत्र आभासी वातावरण केलेले असल्यास संच त्याच वातावरणात बसवलेला असला पाहिजे. आज्ञा ज्या पायथॉनने चालवली जाते त्याच पायथॉनने संच बसवणे, हा यावरील निश्चित उपाय होय.

४. वाचनातील दोष

जोडणी नाकारली गेल्यास कारण संदेशातच मिळते : सर्व्हर बंद आहे, पासवर्ड चुकला आहे किंवा डेटाबेसचे नाव अस्तित्वात नाही. त्यांचे विवेचन येथे आवश्यक नाही. याहून महत्त्वाचे दोष म्हणजे जोडणी झाल्यावर टेबले न दिसण्याचे.

४.१ रिकामे उत्तर

आज्ञा कोणतीही तक्रार न करता संपते आणि निर्माण झालेल्या संहितेत आरंभीच्या सूचनांखेरीज काहीच नसते, असा अनुभव एसक्यूलाइट वापरताना येऊ शकतो. एसक्यूलाइटमध्ये संपूर्ण डेटाबेस ही एक फाइल असते. मांडणीत दिलेल्या ठिकाणी ती फाइल नसेल तर एसक्यूलाइट तक्रार करत नाही, ते त्या नावाची नवी रिकामी फाइल तयार करते. फाइलचा मार्ग सापेक्ष पद्धतीने लिहिलेला असल्यास आणि आज्ञा वेगळ्या फोल्डरमधून दिली असल्यास हे हमखास घडते. अशा वेळी शून्य बाईट आकाराची नवी फाइल कोठे निर्माण झाली आहे का, हे पाहावे आणि मांडणीत पूर्ण मार्ग लिहावा.

पोस्टग्रेसमध्ये याच लक्षणाचे कारण वेगळे असते. तेथे एका डेटाबेसमध्ये अनेक 'स्कीमा' असू शकतात आणि जँगोला केवळ शोधमार्गातील स्कीमांमधील टेबले दिसतात. परीक्षा विभागाची टेबले वेगळ्या स्कीमात ठेवली असतील तर ती यादीत येतच नाहीत. जोडणीच्या मांडणीत शोधमार्गात त्या स्कीमाचे नाव घालणे हा यावरील उपाय आहे. तसेच डेटाबेसमधील 'व्ह्यू' हे प्रकार आज्ञा आपण होऊन विचारात घेत नाही. त्यासाठी स्वतंत्र पर्याय द्यावा लागतो.

४.२ अपुरे उत्तर

डेटाबेसच्या वापरकर्त्यास एखादे टेबल वाचण्याचा अधिकार नसेल तर आज्ञा थांबत नाही. पोस्टग्रेसमध्ये अशा टेबलाचे नाव यादीत दिसते, पण रचना वाचता येत नाही. त्यामुळे निर्माण झालेल्या संहितेत त्या जागी 'या टेबलाची पाहणी करता आली नाही' अशा अर्थाची टीप आणि तिच्याखाली कारण लिहिले जाते. मायएसक्यूएलमध्ये कोणताच अधिकार नसलेले टेबल यादीतही येत नाही, त्यामुळे टीपही मिळत नाही. म्हणून डेटाबेसमधील टेबलांची संख्या आणि संहितेतील वर्गांची संख्या यांची तुलना करणे हे या टप्प्यावरील पहिले काम असले पाहिजे. हे काम दोन मिनिटांचे आहे. ते न केल्यास उणीव लक्षात येण्यास दोन महिने लागू शकतात.

५. लेखनातील दोष

आज्ञा आपले उत्तर पडद्यावर दाखवते. ते फाइलमध्ये उतरवण्यासाठी 'मोठे आहे' या गणिती चिन्हासारखे दिशावर्तनाचे चिन्ह वापरण्याची प्रथा आहे. या साध्या क्रियेत तीन धोके दडलेले आहेत.

पहिला धोका फाइलच्या संकेतनाचा. विंडोजबरोबर येणाऱ्या पॉवरशेलच्या ५.१ आवृत्तीत हे चिन्ह वापरल्यास फाइल यूटीएफ-१६ या संकेतनात लिहिली जाते. पायथॉनला संहिता यूटीएफ-८ मध्ये अपेक्षित असते. परिणामी फाइल संपादकात उघडल्यावर अगदी निर्दोष दिसते, परंतु पायथॉन मात्र 'संहितेत शून्य-बाईट आहेत' किंवा 'संकेतन उलगडता येत नाही' अशा आशयाची तक्रार करते. विशेष म्हणजे ही बिघडलेली फाइल प्रकल्पातील मॉडेल-फाइल असल्यास जँगोच्या अन्य आज्ञाही चालेनाशा होतात. कारण भाग ३ मध्ये सांगितल्याप्रमाणे प्रत्येक वेळी ती फाइल प्रथम वाचली जाते. संपादकातून फाइल यूटीएफ-८ मध्ये पुन्हा जतन केल्यास हा दोष दूर होतो. पॉवरशेलच्या ६ आणि त्यापुढील आवृत्त्यांत ही अडचण राहिलेली नाही.

दुसरा धोका देवनागरी मजकुराचा. विंडोजवर पायथॉनचे उत्तर फाइलकडे वळवले असता अनेकदा पश्चिम युरोपीय भाषांसाठीची जुनी संकेतनपद्धती वापरली जाते. रकान्यांची नावे मराठीत असल्यास ती या पद्धतीत बसत नाहीत आणि आज्ञा मध्येच थांबते. पायथॉनच्या ३.७ या २०१८ मधील आवृत्तीपासून 'पायथॉन-यूटीएफ-८' हा पर्यावरण-चलक १ केल्यास ही अडचण टळते.

तिसरा धोका सर्वांत गंभीर आहे. उत्तर थेट प्रकल्पाच्या मॉडेल-फाइलकडे वळवल्यास आज्ञा सुरू होण्यापूर्वीच ती फाइल रिकामी केली जाते. पहिल्या वेळी यात हानी नसते. परंतु समजा, पहिल्यांदा निर्माण झालेल्या संहितेत प्राध्यापकांनी आठवडाभर सुधारणा केल्या, प्रशासन-पृष्ठाच्या फाइलमध्ये त्या मॉडेलांचा उल्लेख केला आणि नंतर एक नवे टेबल आले म्हणून तीच आज्ञा पुन्हा दिली. मॉडेल-फाइल तत्क्षणी रिकामी होते. त्यानंतर जँगो प्रकल्प स्मृतीत आणू लागते, प्रशासन-पृष्ठास हवी असलेली मॉडेले सापडत नाहीत आणि आज्ञा त्रुटी देऊन थांबते. हाती उरते ती रिकामी फाइल आणि गेलेला आठवडा. यास्तव उत्तर नेहमी वेगळ्या नावाच्या फाइलमध्ये घ्यावे, जुन्या फाइलशी त्याची तुलना करावी आणि आवश्यक तेवढाच भाग हाताने उतरवावा. केवळ एका टेबलाची संहिता हवी असल्यास आज्ञेपुढे त्या टेबलाचे नाव देता येते.

६. देवनागरी नावांची अडचण

मराठीतून काम करणाऱ्या संस्थांच्या दृष्टीने या आज्ञेचा एक पैलू स्वतंत्रपणे अभ्यासण्याजोगा आहे. पायथॉनच्या तिसऱ्या आवृत्तीपासून, म्हणजे २००८ पासून, चलकांची नावे देवनागरीत देता येतात. 'विद्यार्थी' हे पायथॉनमध्ये पूर्णपणे वैध नाव आहे. तथापि 'इन्स्पेक्टडीबी' रकान्याच्या नावावरून मॉडेलातील नाव तयार करताना अक्षर व अंक यांखेरीजची सर्व चिन्हे काढून त्या जागी अधोरेषा घालते. हे काम पायथॉनमधील ज्या नमुना-शोध यंत्रणेकडे सोपवलेले आहे, ती काना, मात्रा, वेलांटी, उकार, अनुस्वार आणि हलन्त यांना अक्षर मानत नाही. युनिकोडमध्ये ही चिन्हे 'अक्षर' या वर्गात नसून 'जोडचिन्ह' या वर्गात मोडतात, हे त्याचे कारण होय.

परिणामी 'नाव' या रकान्याचे 'न_व' होते आणि 'दिनांक' या रकान्याचे 'द_न_क'. 'विद्यार्थी' या नावातील पाच व्यंजने तेवढी शिल्लक राहतात व शेवटी अधोरेषा आल्यामुळे तिच्यापुढे 'फील्ड' हा इंग्रजी शब्द जोडला जातो. ग्रंथालयाच्या सभासद-टेबलात 'पान' (जुन्या नोंदवहीतील पृष्ठ) आणि 'पिन' (पत्त्यातील क्रमांक) असे दोन रकाने असतील तर दोघांचेही रूपांतर 'प_न' असेच होते. अशा वेळी आज्ञा दुसऱ्या नावापुढे शून्य जोडून संघर्ष टाळते. मूळ रकान्याचे नाव मॉडेलात स्वतंत्रपणे नोंदलेले असल्यामुळे माहितीची जोडणी चुकत नाही. परंतु पुढे संहिता लिहिणाऱ्या व्यक्तीस यांतील पान कोणते आणि पिन कोणता हे केवळ नावावरून कळणार नाही.

टेबलाचेच नाव देवनागरीत असल्यास अडचण याहून मोठी आहे. वर्गाचे नाव तयार करताना जँगोच्या ५.० आवृत्तीत इंग्रजी अक्षरे व अंक सोडून बाकी सर्व चिन्हे गाळली जातात. संपूर्ण नाव देवनागरीत असेल तर काहीच उरत नाही आणि नाव नसलेला वर्ग लिहिला जातो, जो पायथॉनला मान्य होत नाही. यावरील उपाय सोपा आहे. मॉडेलातील नावे हाताने बदलावीत. मूळ टेबलाचे व रकान्याचे नाव सांगणारी नोंद मात्र जशीच्या तशी राहू द्यावी. नावे बदलणे म्हणजे डेटाबेस बदलणे नव्हे, हा भेद येथे लक्षात ठेवावा.

७. अर्थातील दोष

येथवर पाहिलेले बहुतेक दोष लवकर वा उशिरा स्वतःहून प्रकट होतात. आता ज्यांचा विचार करावयाचा आहे ते तसे होत नाहीत.

७.१ संयुक्त प्रायमरी की

समजा, परीक्षा विभागाच्या गुण-टेबलात तीन रकाने आहेत : विद्यार्थी क्रमांक, विषय क्रमांक आणि गुण. एका विद्यार्थ्याच्या अनेक विषयांच्या नोंदी असल्यामुळे विद्यार्थी क्रमांक व विषय क्रमांक मिळून प्रायमरी की केलेली आहे. डेटाबेस-रचनेच्या दृष्टीने हे सर्वथा योग्य आहे. परंतु दीर्घकाळपर्यंत जँगोच्या मॉडेलास एकाच रकान्याची प्रायमरी की मान्य होती. संयुक्त कीचा आधार एप्रिल २०२५ मधील ५.२ आवृत्तीत मिळाला. जुन्या आवृत्तीत चालणाऱ्या प्रकल्पांत ही आज्ञा दोन रकान्यांपैकी पहिला, म्हणजे विद्यार्थी क्रमांक, प्रायमरी की म्हणून निवडते. काही आवृत्त्यांत त्याशेजारी 'संयुक्त की आढळली, पहिला रकाना निवडला' अशी टीप असते. ही टीप शेकडो ओळींमध्ये सहज नजरेआड होते.

या निवडीचा परिणाम असा की, एका विद्यार्थी क्रमांकाची एकच नोंद आहे असे जँगो धरून चालते. गुणपत्रिका वाचताना यामुळे काही बिघडत नाही. बिघाड होतो तो लिहिताना. एका विद्यार्थ्याच्या मराठी विषयाची चुकीची नोंद काढून टाकण्यासाठी ती निवडून 'डिलीट' केले असता, जँगो डेटाबेसला 'या विद्यार्थी क्रमांकाच्या नोंदी काढून टाक' असे सांगते. त्या विद्यार्थ्याच्या सहाही विषयांच्या नोंदी नष्ट होतात. त्याचप्रमाणे केवळ 'गुण' हा रकाना अद्ययावत करण्याची सूचना दिल्यास सहाही विषयांना तेच गुण मिळतात. कोणतीही त्रुटी दाखवली जात नाही, कारण डेटाबेसच्या दृष्टीने काहीही नियमबाह्य घडलेले नसते.

हा दोष ओळखण्याची कसोटी सोपी आहे. प्रत्येक टेबलातील एकूण नोंदींची संख्या आणि प्रायमरी की म्हणून निवडलेल्या रकान्यातील भिन्न मूल्यांची संख्या मोजावी. दोन्ही सारख्या असल्या पाहिजेत. वरील उदाहरणात ६०० विद्यार्थी व ६ विषय असतील तर नोंदी ३६०० आणि भिन्न मूल्ये ६०० येतील. हा फरकच दोष सांगून जातो. डेटाबेस बदलण्याचा अधिकार असल्यास टेबलात स्वयंवाढीचा एक क्रमांक-रकाना घालून त्यास प्रायमरी की करावे व जुन्या दोन रकान्यांच्या जोडीस अनन्यतेचा नियम लावावा. तो अधिकार नसल्यास जँगोची नवी आवृत्ती वापरावी, अथवा ते मॉडेल केवळ वाचनासाठी राखून ठेवावे.

७.२ प्रायमरी की नसलेले टेबल

एखाद्या टेबलात प्रायमरी की घोषितच केलेली नसेल तर निर्माण झालेल्या मॉडेलातही ती नसते. अशा वेळी जँगो 'आयडी' नावाचा रकाना आहे असे गृहीत धरते. मॉडेल निर्दोष दिसते; पण प्रथमच नोंदी वाचू जाता 'आयडी नावाचा रकाना अस्तित्वात नाही' असा संदेश येतो. हा संदेश पाहून टेबलात रकाना घालण्याची घाई करू नये. ज्या रकान्याची मूल्ये वस्तुतः अनन्य आहेत तो वरील कसोटीने शोधून मॉडेलात त्यास प्रायमरी की म्हणून नोंदवावे.

७.३ न दिसणारी नाती

दोन टेबलांमधील नाते फॉरेन कीने घोषित केलेले असेल तरच ते आज्ञेस दिसते. मायएसक्यूएलमध्ये पूर्वी 'मायआयसॅम' हा संचयप्रकार मूलभूत म्हणून वापरला जात असे. या प्रकारात फॉरेन कीची घोषणा लिहिली तरी ती दुर्लक्षित होते. २०१० मध्ये आलेल्या ५.५ आवृत्तीपासून 'इनोडीबी' हा नाती जपणारा प्रकार मूलभूत झाला. त्यापूर्वी तयार झालेल्या अनेक डेटाबेसांत नाती केवळ जुन्या प्रोग्रामच्या संहितेत होती, डेटाबेसमध्ये नव्हती. अशा डेटाबेसवरून निर्माण झालेल्या मॉडेलात विद्यार्थी क्रमांक हा केवळ एक पूर्णांक म्हणून येतो. येथे आज्ञेत दोष नाही; घोषणाच नाही. नाते हाताने लिहिण्यापूर्वी ज्या गुण-नोंदींचा विद्यार्थी विद्यार्थी-टेबलात सापडत नाही अशा नोंदी आहेत का, हे शोधणे अगत्याचे आहे.

नाते दिसले तरी मूळ नोंद काढून टाकल्यास संबंधित नोंदींचे काय करावे, याबाबत आज्ञा 'काहीही करू नये' असा तटस्थ पर्याय लिहिते. तो विचारपूर्वक बदलावा लागतो.

७.४ अंदाजाने ठरवलेले प्रकार

रकान्याचा प्रकार ओळखता न आल्यास आज्ञा त्यास मजकूर मानते आणि 'हा प्रकार अंदाजाने ठरवला आहे' अशी टीप देते. मायएसक्यूएलमधील होय-नाही स्वरूपाचा रकाना पूर्णांक म्हणून येतो. एसक्यूलाइटमधील दशांश रकान्यांची अंकसंख्याही अंदाजाने लिहिली जाते. शुल्काच्या रकमा अशा रकान्यात असल्यास ही टीप दुर्लक्षून चालणार नाही.

८. निर्माण झालेल्या संहितेचे स्थान

आज्ञा प्रत्येक मॉडेलात 'मॅनेज्ड' या गुणधर्माचे मूल्य नकारार्थी ठेवते. याचा अर्थ, त्या टेबलाची निर्मिती, बदल वा नाश यांची जबाबदारी जँगो घेणार नाही. मॉडेलात नवा रकाना लिहूनही टेबलात तो येत नाही, अशी तक्रार विद्यार्थी करतात. तिचे कारण हेच असते. चाचणी घेताना तयार होणाऱ्या तात्पुरत्या डेटाबेसमध्येही अशी टेबले आपोआप तयार होत नाहीत. ही ओळ काढून टाकल्यास जँगो आधीच असलेले टेबल पुन्हा तयार करू पाहते आणि 'टेबल अस्तित्वात आहे' असा संदेश देते. १.८ या २०१५ मधील आवृत्तीपासून उपलब्ध असलेल्या 'फेक-इनिशियल' या पर्यायाने पहिले स्थलांतर प्रत्यक्ष न करता केवळ नोंदवता येते.

मूळ डेटाबेस अन्य प्रणालींच्याही वापरात असेल तर ही ओळ न काढणेच श्रेयस्कर. शिवाय पडताळणी पूर्ण होईपर्यंत जँगोला केवळ वाचनाचा अधिकार असलेल्या वापरकर्त्याच्या नावाने जोडावे. भाग ७.१ मधील घातक दोष या एका दक्षतेमुळे निष्प्रभ होतो, कारण लिहिण्याची पहिलीच कृती डेटाबेस नाकारतो.

९. निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष मांडता येतात.

१) 'इन्स्पेक्टडीबी'च्या संदर्भात नोंदवल्या जाणाऱ्या तक्रारींपैकी अनेकांचे मूळ आज्ञेत नसून प्रकल्पाची स्थिती, अधिकारांची मांडणी अथवा फाइलचे संकेतन यांत असते. दोष कोणत्या टप्प्यावर आहे हे आधी ठरवल्यास शोधाची व्याप्ती मर्यादित होते.

२) आज्ञेने तक्रार न करणे हा तिच्या उत्तराच्या अचूकपणाचा पुरावा नव्हे. टेबलांची मोजणी, प्रायमरी कीची कसोटी आणि अनाथ नोंदींचा शोध या तीन पडताळण्या प्रत्येक वेळी केल्या पाहिजेत.

३) उत्तर वेगळ्या फाइलमध्ये घेणे व आरंभी केवळ वाचनाचा अधिकार देणे या दोन दक्षतांनी भरून न निघणारी हानी टळते.

४) देवनागरी नावांचे रूपांतर आज्ञेवर न सोडता ते जाणत्या व्यक्तीने करावे.

आज्ञेने निर्माण केलेल्या फाइलच्या आरंभीच हाताने करावयाच्या चार कामांची यादी दिलेली असते : मॉडेलांचा क्रम लावणे, प्रत्येक मॉडेलात एकच प्रायमरी की असल्याची खात्री करणे, नात्यांमधील काढून टाकण्याचे वर्तन ठरवणे आणि 'मॅनेज्ड'विषयीचा निर्णय घेणे. म्हणजे आपले उत्तर हा केवळ कच्चा मसुदा आहे, हे आज्ञा स्वतःच सांगते. अध्यापनाच्या दृष्टीने या यादीचे मोल मोठे आहे. विद्यार्थ्यांना ही आज्ञा शिकवताना ती कशी द्यावी एवढे सांगून न थांबता, तिने दिलेले उत्तर डेटाबेसशी कसे ताडून पाहावे हेही प्रात्यक्षिकात समाविष्ट व्हावयास हवे. ज्या टेबलांवर आपले विद्यार्थी हात बसवतात, त्यांतील नोंदी कोणाच्या तरी गुणांच्या, शुल्काच्या आणि प्रवेशाच्या असतात.